विनोद आणि पदरमोड

सुगी आटोपून माणसाला थोडी उसंत मिळाली म्हणजे खेड्यातील पारावर ज्या गोष्टी चालतात, त्यांत थट्टामस्करीचा वाटा सर्वांत मोठा असतो, हे कोणी नव्याने सांगावयास नको. बेळगाव तालुक्याच्या पश्चिम भागातील उचगाव हे या नियमास अपवाद नाही. मळेकरणीच्या आमराईमुळे आणि तेथे भरणाऱ्या मराठी साहित्य संमेलनामुळे हे गाव सीमाभागातील बहुतेकांच्या परिचयाचे आहे. एका संध्याकाळी आम्ही तेथे बसलो असता चार-पाच तरुण एका मोबाइलच्या लहानशा पडद्याभोवती डोकी एकत्र करून हसताना दिसले. हसू इतके मनमोकळे होते, की काय आहे हे विचारल्यावाचून राहवेना. आणि त्यांनीही सरकून आम्हांस जागा करून दिली.

पडद्यावर अमेरिकेतील कोणते तरी मोठे दुकान होते. एक मध्यम वयाचा गृहस्थ अनोळखी गिऱ्हाइकांजवळ जाऊन काहीतरी भलतेच बोलत होता. बोलताना त्याचा स्वतःचाच चेहरा शरमेने लाल होत होता. आणि आडोशाला बसलेले त्याचे तीन मित्र त्याच्या कानातील यंत्रातून ‘आता हे बोल, आता ते कर’ असे हुकूम सोडीत हसून हसून लोळत होते. ती भाषा त्या तरुणांना पुरती कळत होती असे नाही, आणि आम्हांलाही सर्व कळले असे नाही. परंतु फजिती समजावयास भाषा लागतेच असे कोठे आहे? आम्हीही हसलो. घरी परतताना मात्र एका प्रश्नाने आमची पाठ धरली. आपण नेमके कशाला हसलो? आणि त्या हसण्याचा खर्च कोणाच्या खात्यावर पडला?

प्रथम त्या कार्यक्रमाविषयी थोडेसे सांगणे अवश्य आहे. त्याचे नाव ‘इम्प्रॅक्टिकल जोकर्स’. न्यूयॉर्क शहराच्या स्टॅटन आयलंड भागातील, शाळेपासून एकमेकांचे सोबती असलेले जो गॅटो, जेम्स मरे, ब्रायन क्विन व साल व्हल्कॅनो या चौघा मित्रांनी तो उभा केला, आणि १५ डिसेंबर २०११ रोजी तो तेथील दूरचित्रवाणीवर प्रथम दिसला. २०२१ च्या अखेरीस गॅटो बाहेर पडले व उरलेल्या तिघांनी तो पुढे चालविला. रचना अगदी साधी आहे. एकाने दुकानात, बागेत किंवा रस्त्यावर जावे. कॅमेरे लपविलेले असावेत. मित्रांनी कानात जे सांगितले ते त्याने बोलावे वा करावे. कच खाल्ली किंवा काम साधले नाही, तर हार. ज्याच्या पदरी हारी अधिक, त्याला शेवटी एक शिक्षा. आणि ती शिक्षा कोणती हे ठरविणारेही मित्रच. तिला मात्र नाही म्हणता येत नाही.

लपविलेल्या कॅमेऱ्याचा खेळ तसा जुना आहे. अ‍ॅलन फंट नावाच्या अमेरिकन गृहस्थाने १९४७ मध्ये नभोवाणीवर आणि १९४८ मध्ये दूरचित्रवाणीवर हा प्रकार आणला. पुढे ‘कॅन्डिड कॅमेरा’ या नावाने तो प्रसिद्धीस पावला. आपल्याकडे सायरस ब्रोचा यांनी एम टीव्हीवर केलेला याच जातीचा कार्यक्रम पुष्कळांच्या स्मरणात असेल. त्याचे नाव होते ‘बकरा’. हे नाव मोठे बोलके आहे. ज्या परिसरात नवसाचा बकरा पिढ्यान्‌पिढ्यांनी पाहिला, तेथील माणसाला त्याचा अर्थ फोडून सांगावा लागत नाही. बकऱ्याच्या कपाळी कुंकू असते, गळ्यात हार असतो, भोवती माणसांची गर्दी असते. आणि हे सारे कशासाठी चालले आहे, हे त्या गर्दीत एकट्या त्यालाच ठाऊक नसते. जुन्या धाटणीच्या छुप्या कॅमेऱ्याचा सारा आनंद या एका अज्ञानावर उभा आहे. सर्वांना माहीत आहे, त्याला माहीत नाही. आणि आपण, पाहणारे, माहीत असणाऱ्यांच्या बाजूला आहोत. या सुखात एक प्रकारचा क्षुद्र मोठेपणा दडलेला आहे, हे प्रामाणिकपणे कबूल केले पाहिजे.

चौघा मित्रांच्या या नव्या खेळाने येथेच एक महत्त्वाचा पालट केला. त्यांनी बकरा बाहेरून आणला नाही. तो स्वतःच्याच कळपातून काढला. ज्याची फजिती व्हावयाची, त्याला सर्व काही माहीत आहे. तो आपल्या पायांनी चालत जातो, आणि आज त्याची पाळी असली तर उद्या हुकूम देणाऱ्याची आहे, हेही तो जाणतो. परक्या माणसाच्या गोंधळापेक्षा मित्राची शरमच येथे अधिक रंगते. आमच्या मते या कार्यक्रमाच्या लोकप्रियतेचे पहिले रहस्य हेच होय: त्यात विनोदासाठी केलेली पदरमोड दिसते. दुसऱ्याच्या पैशाने जेवण घालणाऱ्यापेक्षा पदरमोड करून पंगत उठविणाऱ्याचे आपणांस अधिक कौतुक वाटते, त्यांतलेच हे आहे.

दुसरे कारण आपल्या स्वभावात खोल रुजलेले आहे. ‘लोक काय म्हणतील’ हे तीन शब्द आपल्या समाजात पुष्कळ कायद्यांहून अधिक बळकट आहेत. खेड्यात तर ‘कोणाचा रे तू?’ हा पहिला प्रश्न असतो. आणि त्याचे उत्तर दिले, की आपल्या प्रत्येक वेड्यावाकड्या पावलाची जबाबदारी बापाच्या, आजाच्या आणि भावकीच्या नावावर जाऊन पडते. अशा लोकलज्जेत जन्म काढणाऱ्या माणसास कोणी तरी भर बाजारात बेधडक लाज सोडताना पाहून मोकळे वाटावे, यात नवल नाही. त्यातही तो मनुष्य निर्लज्ज असता, तर आपण हसलो नसतो. तोंड फिरविले असते. तो लाजतो आहे, घामाघूम झाला आहे, तरी मित्रांनी सांगितले म्हणून करतो आहे, यात गंमत आहे. लाज शाबूत आहे आणि तरीही ती क्षणभर ओलांडली गेली आहे, असे ते दृश्य असते.

लाज ओलांडण्यासाठी अशी परवानगी देण्याची सोय आपल्या पूर्वजांनीही करून ठेवली होती. शिमग्यातील बोंब ही वर्षातून एकदाच मारावयाची असते. कोकणातील शिमग्याची सोंगे, गोव्यातील शिगमो, आणि उपवासकाळाच्या तोंडाशी येणारे ख्रिस्ती बांधवांचे इंत्रूज, या सर्वांत मर्यादा मोडण्याला पंचांगाने घालून दिलेली मर्यादा आहे. त्या दिवशी रंग अंगावर आला तर रागवावयाचे नसते, हे देणाऱ्याला आणि घेणाऱ्याला दोघांनाही ठाऊक असते. पैजेचेही तसेच. विजापूरच्या दरबारात अफझलखानाने विडा उचलल्याची कथा मराठी मुलगा लहानपणीच ऐकतो. विडा तबकात सर्वांसमक्ष ठेवलेला असतो. तो उचलण्याची सक्ती कोणावर नसते. परंतु जो उचलतो, तो स्वतःची अब्रू पणाला लावतो. सार्वजनिक पैजेचे आकर्षण एवढे प्राचीन आहे. चौघा मित्रांच्या कानातील यंत्र हे नवे, पण तबकातील विडा जुनाच.

भरताच्या नाट्यशास्त्रात हास्याची जी कारणे दिली आहेत, त्यांत विकृत वेषाबरोबरच धार्ष्ट्य आणि असंबद्ध प्रलाप यांची गणना केली आहे. आजच्या या खेळाचे भांडवल दुसरे काय आहे? त्याच ग्रंथात हास्याच्या स्मित, हसित, विहसित, उपहसित, अपहसित आणि अतिहसित अशा सहा पायऱ्या सांगून पहिल्या दोन उत्तम प्रकृतीच्या, मधल्या दोन मध्यम प्रकृतीच्या आणि शेवटच्या दोन अधम प्रकृतीच्या ठरविल्या आहेत. या मापाने मोजले तर पारावरची आमची मंडळी, आणि त्यांच्यासह आम्हीही, त्या संध्याकाळी थेट शेवटच्या पायरीवर होतो. कारण डोळ्यांत पाणी आले होते आणि बरगड्या धरल्या होत्या. तथापि भरताचे माप नटाच्या मुद्रेचे व अंगविक्षेपाचे आहे. नीतीचे माप निराळे असावयास पाहिजे. मनुष्य किती मोठ्याने हसला यावरून त्या हसण्याची प्रत ठरत नाही; ते हसू कोणाला किती पडले, यावरून ती ठरते.

तिसरे कारण मैत्रीचे. शत्रू आपला अपमान करू शकतो, परंतु आपल्याला नेमके कशाचे भय वाटते, कोणत्या शब्दाने आपले कान तापतात, हे त्याला ठाऊक नसते. ते ज्ञान मित्रापाशीच असते. चौघांपैकी एकाला कशाची किळस आहे, दुसरा कशाला बिचकतो, हे उरलेल्यांना वर्षानुवर्षांच्या सहवासाने माहीत आहे, आणि पैज लावताना ते बरोबर त्याच ठिकाणी बोट ठेवतात. हे क्रौर्य नव्हे काय? असते, पण दोन गोष्टींनी त्याचा दंश जातो. एक, पाळी सर्वांवर येते. दुसरी, फजिती झाल्यावर तो मनुष्य परत त्याच तिघांत येऊन बसतो आणि त्यांच्याइतकाच हसतो. ज्याच्यापुढे आपली फजिती झाली तरी आपले काही कमी होत नाही, तो मित्र. ही मैत्रीची व्याख्या पुस्तकी नसली तरी खरी आहे. मोठ्या वयात ज्यांना अशी मैत्री उरलेली नाही, आणि ती उरत नाही हे पुष्कळांचे दुःख आहे, त्यांना ती पडद्यावर पाहूनही ऊब वाटते.

येथवर सारे ठीक आहे. परंतु या चौघांखेरीज त्या चित्रात आणखी एक व्यक्ती असते, आणि आतापर्यंत आम्ही तिच्याविषयी काहीच बोललो नाही. ती म्हणजे तो अनोळखी मनुष्य. तो कोणाचा मित्र नाही. त्याने विडा उचललेला नाही. त्याची पाळी कधी यावयाची नाही. तो दुकानात साबण घेण्यासाठी आला आहे. त्याच्यावाचून हा खेळ एक क्षण चालणार नाही, आणि तरी खेळात त्याला भाग घ्यावयाचा आहे काय, हे त्यास कोणी विचारलेले नाही.

या विचाराला धार आली ती पुढील प्रसंगाने. पारावरच्या त्याच तरुणांपैकी चौघांनी तो खेळ आपणही करून पाहण्याचे ठरविले. बेळगावच्या बाजारात एक वृद्ध बाई रताळ्यांचा ढीग लावून बसली होती. एकाच्या कानात यंत्र, तिघे समोरच्या चहाच्या दुकानात, एकाच्या हाती मोबाइल. हुकूम आला, ‘तिला म्हण, आज्जी, मी तुझा नातू, मला ओळखलं नाहीस?’ मुलगा चाचरत तसे म्हणाला. म्हातारीने त्याच्याकडे निरखून पाहिले. “कुणाचा रे तू?” मुलाने कानात आलेले कसलेसे भलतेच नाव सांगितले. मग म्हणाला, की मला गावाची वाट आठवत नाही. चहाच्या दुकानात हसण्याची लाट उसळली. म्हातारीने तराजू खाली ठेवला, बसावयाचे पोते अर्धे मोकळे केले आणि म्हणाली, “बस की बाळा जरा सावलीत. बरं वाटंना काय तुला?” तिने आपल्या तांब्यातले पाणी त्यास दिले. पुढचा हुकूम कानात आला होता. पण तो मुलाच्या तोंडून फुटेना. तो पाणी पिऊन उठला आणि निघून आला.

हे चित्रण त्यांनी आम्हांस मोठ्या हौसेने दाखविले, आणि त्यात हसण्यासारखे काही नव्हते असे म्हटले तर ते खोटे होईल. मुलाची त्रेधा पाहण्यासारखी होती. परंतु शेवटी आम्ही एवढेच विचारले, की त्या बाईला तुम्ही नंतर काही सांगितले काय? चौघेही एकमेकांच्या तोंडाकडे पाहू लागले. कोणी सांगितले नव्हते. आणि ते चित्रण तोवर दहा-बारा मित्रांच्या मोबाइलवर पोहोचले होते.

त्या म्हातारीने त्या खेळात काय घातले, याचा हिशेब मांडून पाहावा. मुलाने घातली आपली शरम. तिने घातला आपला चांगुलपणा. तिचा तराजू थांबला, पाणी गेले, जागा गेली. आणि एक पोर वाट चुकले आहे, आजारी आहे, ही काळजी तिच्या मनाला लागली ती निराळीच. मुलाची शरम घरी येईतो हसण्यात विरून गेली. तिची काळजी तिच्यापाशीच राहिली. अशा कार्यक्रमांचा खरा आधार कोणता, हे आम्हांला तेव्हा उमगले. लपविलेला कॅमेरा किंवा कानातील यंत्र हा त्याचा आधार नव्हे. अनोळखी मनुष्य भलतेच बोलू लागला तरी त्यास हाकलून न देता क्षणभर ऐकून घ्यावे, त्याला काही अडचण असेल असे धरून चालावे, ही जी सर्वसाधारण माणसाची सभ्यता आहे, तिच्यावर हा सारा डोलारा उभा आहे. लोक जर खरोखर वाईट असते, तर हा विनोद पहिल्याच वाक्याला संपला असता. आपण पडद्यावर जे आवडीने पाहतो, त्यांत मित्रांची फजिती हा एक भाग आहे. पण आपल्या नकळत आपल्याला सुखावतो तो दुसरा भाग, परक्या माणसाचा धीर आणि माया.

सीमाभागातील माणसाला तर या सभ्यतेचे मोल विशेष कळावे. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची पुनर्रचना होऊन हा प्रदेश तेव्हाच्या म्हैसूर राज्यात गेला, तेव्हापासून कोणत्या भाषेचा कागद, कोणत्या भाषेची पाटी, यावरून येथे किती मने दुखावली ते सर्वश्रुत आहे. तरीही बाजारात अनोळखी गिऱ्हाईक पुढे उभे राहिले, म्हणजे ते मराठी बोलेल, कानडी बोलेल की घाटाखालची कोंकणी बोलेल, याचा अदमास घेऊन विक्रेता आपली जीभ वळवितो. समोरच्याचे बोलणे आधी समजून घ्यावयाचे, हा या बाजारांचा अलिखित नियम आहे. त्या म्हातारीने तोच पाळला. अशा नियमावर विनोद उभारणे म्हणजे सार्वजनिक विहिरीवरून पाणी नेणे होय. नेण्यास हरकत नाही. पण विहीर गढूळ करता कामा नये.

ती गढूळ कशी होते, याचे एक विलक्षण उदाहरण फंट यांच्याच आयुष्यात घडले. ३ फेब्रुवारी १९६९ रोजी ते मायामीला जाणाऱ्या विमानात बसले असता ते विमान पळवून क्यूबात नेण्यात आले. प्रवाशांपैकी काहींनी फंट यांना ओळखले, आणि हा त्यांच्या कार्यक्रमाचाच एखादा खेळ असावा अशी त्यांची समजूत झाली. संकट खरे होते, आणि लोक हसत होते. ज्या समाजात कोणताही प्रसंग थट्टेचा असू शकतो, तेथे खऱ्या हाकेलाही कोणी ओ देईनासे होते. उद्या बेळगावच्या बाजारात एखादे पोर खरोखरच भोवळ येऊन बसले, आणि ‘असेल कोणाचा तरी कॅमेरा’ म्हणून लोक पुढे गेले, तर त्याचा दोष कोणाकडे जाईल?

मित्रांनी मिळून परक्याची थट्टा केल्याची आपल्याकडील सर्वांत भयंकर कथा महाभारताच्या मौसलपर्वात आहे. द्वारकेत विश्वामित्र, कण्व आणि नारद आले असता यादव तरुणांनी सांबाला स्त्रीवेष देऊन त्यांच्यापुढे नेले आणि हिला काय होईल, असे विचारले. रचना तीच आहे: मित्रांचे टोळके, त्यांतील एकाचे सोंग, पुढे अनोळखी वडीलधारी माणसे, आणि बाजूला दाबून धरलेले हसू. ऋषींनी कपट ओळखले, शाप दिला, आणि त्या शापातून निपजलेल्या मुसळाने यादवकुळाचा अंत झाला. या कथेत एक गोष्ट विचार करण्याजोगी आहे. ऋषींपाशी शाप होता, म्हणून ती थट्टा यादवांना महाग पडली. रताळी विकणाऱ्या बाईपाशी शाप नाही. दुकानातील नोकर, रिक्षावाला, पहारेकरी, परिचारिका यांच्यापाशी शाप नाही. उलट त्यांची नोकरीच अशी असते, की समोरच्याने काहीही विचारले तरी त्यांनी नम्रतेने उत्तर द्यावे. ज्याला रागावण्याची सोय नाही, त्याची थट्टा करण्यात कसले आले आहे धैर्य?

परिचारिकेचा उल्लेख आम्ही सहज केलेला नाही. डिसेंबर २०१२ मध्ये सिडनीच्या एका नभोवाणी केंद्रावरील दोघा निवेदकांनी इंग्लंडच्या राणीचा व युवराजांचा आवाज काढून लंडनच्या एका रुग्णालयात दूरध्वनी केला. तो उचलला मंगळूरकडून तेथे गेलेल्या, आपल्याच कोंकणी समाजातील एका परिचारिकेने. तिला ते खरे वाटले, आणि तिने तो संबंधित विभागाकडे जोडून दिला. एवढेच तिने केले. ते संभाषण प्रसृत झाले, जगभर त्यावर हशा पिकला, आणि त्यानंतर थोड्याच दिवसांत, ७ डिसेंबरला, तिने आपले जीवन संपविले. माणूस असे का करतो, याचे कारण एका वाक्यात सांगण्याचा अधिकार कोणासही नाही, आणि त्या निवेदकांच्या मनात तिचे वाईट चिंतिले असेल असेही कोणी म्हणणार नाही. पुढे ऑस्ट्रेलियातील नियामक मंडळाने संमतीवाचून ते संभाषण प्रसृत करणे नियमबाह्य ठरविले. परंतु नियम मोडला किंवा कसे, याहून मोठी गोष्ट ही, की ज्या विश्वासाने तिने दूरध्वनी उचलला, तो विश्वास हाच तिचा दोष ठरला. हसणाऱ्या लाखो लोकांपैकी एकालाही तिचे नाव ठाऊक असण्याची गरज वाटली नव्हती.

मग असा विनोद करूच नये काय? आमचे म्हणणे तसे नाही. विनोदाला संमतीपत्रांच्या चौकटीत कोंडून टाकले तर तो गुदमरेल, हे आम्ही जाणतो. आधी सांगून केलेली फसगत ही फसगतच नव्हे. परंतु आधी सांगता येत नसले, तरी नंतर सांगता येते. आणि नेमके हेच आपला बहुरूपी पिढ्यान्‌पिढ्या करीत आला. तो फौजदाराच्या वेषात दारात येई, भलतेसलते गुन्हे लावी, घरधन्याला घाम फोडी. पण जाण्यापूर्वी आपले सोंग उघडे करी, नमस्कार करी आणि बिदागी मागे. त्या मागण्यातच सारी नीती होती. फसलेल्या माणसाला तो क्षणार्धात आश्रयदात्याच्या जागी बसवी. देणे न देणे आता घरधन्याच्या हाती असे. बकरा होता तो यजमान झाला. बहुरूपी आपल्या सोंगावर पोट भरी, तरी दुसऱ्याचे तोंड त्याने कधी गावोगाव नेऊन विकले नाही. तो स्वतःचेच तोंड रंगवीत असे.

आजच्या भाषेत यालाच संमती म्हणतात. २४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने खासगीपणा हा मूलभूत हक्क असल्याचा निर्णय दिला. ज्यांच्या नावाने तो खटला ओळखला जातो, ते पुट्टस्वामी कर्नाटक उच्च न्यायालयाचे निवृत्त न्यायमूर्ती होते. भर बाजारात बसलेल्या बाईला कसला आला खासगीपणा, असे कोणी म्हणेल. पण बाजारात बसणारी बाई आपला चेहरा बाजारापुरता देते. तो दहा गावच्या मोबाइलांपुरता देत नाही. त्या अमेरिकन कार्यक्रमातही ज्यांची संमती मिळाली नाही, त्यांचे चेहरे अस्पष्ट केलेले दिसतात. आमच्या तरुणांनी पैज तेवढी उचलली. तिच्यामागचा हा शिरस्ता उचलला नाही. अर्थात कागदावरील सहीने कायद्याचे देणे फिटते, चांगुलपणाचे फिटतेच असे नाही. ते फेडण्यासाठी त्या माणसापुढे जाऊन उभे राहावे लागते.

त्या चौघांना आम्ही उपदेश केला नाही. उपदेशाने तरुण मनुष्य सुधारल्याचे आमच्या पाहण्यात फारसे नाही. पुढच्या खेपेस आम्ही बाजारात जाणार होतो, तेव्हा बरोबर येता काय, एवढेच विचारले. दोघे आले. ज्याने नातवाचे सोंग घेतले होते तो त्यांत होता. म्हातारीने त्यास पाहताच ओळखले आणि आधी विचारले, “घरला पोचलास न्हवं नीट?” मुलाने मान खाली घालून सर्व सांगितले. ती खेळ होता, मित्र समोर बसले होते, हे चित्रण आहे, असे सारे. आम्हांला वाटले, आता ती रागावेल. आणि रागावण्याचा तिचा हक्क होताच. तिने थोडा वेळ लावला. मग म्हणाली, “म्हंजे तू आजारी न्हवतास? बरं झालं बाबा.” एवढे दिवस तिच्या मनाला लागलेली काळजी त्या एका वाक्याने उतरली असावी. त्या मुलाचा चेहरा मात्र त्या क्षणी जसा झाला, तसा तो चित्रणात कोठेही झालेला नव्हता.

तिला चित्रण दाखविले. तिने ते डोळे बारीक करून दोनदा पाहिले, स्वतःला पाहून हसली, आणि म्हणाली, “ह्यो कुणाला दावू नगा. पदर नीट न्हाई माझा.” कारण लहान होते, पण ते तिचे होते. मुलाने तिच्यादेखत ते पुसून टाकले. ज्या मित्रांना धाडले होते त्यांनाही पुसावयास सांगितले; सर्वांनी ते पुसले असेल अशी खात्री आम्ही देऊ शकत नाही. एकदा बाहेर गेलेले हसू परत बोलावता येत नाही, हाही त्या दिवशीच्या पाठाचा भाग होता. येताना त्याने चार किलो रताळी घेतली आणि भाव केला नाही.

पारावर हसणे पूर्वीसारखेच चालू आहे, आणि ते चालू राहावे अशीच आमची इच्छा आहे. ते चौघे अजूनही एकमेकांना पैजा घालतात. पण आता फजिती व्हावयाची ती आपापसांत होते, आणि बाहेरचा कोणी मध्ये आलाच, तर शेवटी एक जण पुढे होऊन सोंग उघडे करतो. विनोदाच्या शास्त्रात आम्हांला फारशी गती नाही. तथापि एवढे आम्हांस कळते, की दुसऱ्याला हसवावयाचे तर खर्च आपल्या पदरचा करावा. आणि कधी दुसऱ्याच्या पदराला हात लागलाच, तर त्याच्यापुढे जाऊन तसे सांगावे. तो हसला तर ते हसू दोघांचे झाले. नाही हसला, तर आपले आपण परत घ्यावे.